गीत आणि धमकी

सन १९३८ च्या अखेरीस हैदराबादच्या उस्मानिया विद्यापीठाच्या वसतिगृहात विद्यार्थ्यांनी प्रार्थनेच्या वेळी ‘वंदे मातरम्’ म्हणण्यास आरंभ केला. औरंगाबादच्या कॉलेजातही तेच घडले. अधिकाऱ्यांनी मनाई केली. विद्यार्थी बधले नाहीत. शेकडो विद्यार्थ्यांना काढून टाकण्यात आले, आणि त्यांपैकी अनेकांना नागपूर विद्यापीठाने प्रवेश दिला. निजामी सत्तेस ते गीत आव्हान वाटले; परंतु त्यात कोणास इजा करण्याची धमकी नव्हती.

हा भेद आजही महत्त्वाचा आहे. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५१ प्रमाणे शरीर, लौकिक वा मालमत्ता यांस हानी करण्याची धमकी, भय उत्पन्न करण्याच्या किंवा मनाविरुद्ध कृत्य करवून घेण्याच्या हेतूने दिली, म्हणजे गुन्हा होतो. निनावी धमकीस शिक्षा अधिक आहे.

म्हणून फळ्यावरील टीका वा घोषणा हा फार तर शाळेच्या शिस्तीचा प्रश्न होय. सहाध्यायाला जिवे मारण्याची चिठ्ठी मात्र थट्टा म्हणून सोडता येत नाही. धमकी कोणाला, कशाची व कोणत्या हेतूने, हे शिक्षकांनी आधी पाहावे. एरवी गाणारा मुलगा गुन्हेगार ठरतो, आणि भ्यालेला मुलगा एकटा पडतो.