शेमिटा: सातव्या वर्षाची मोकळीक

कोकणात बेने इस्राएलांना गावकरी ‘शनवार तेली’ म्हणत. शनिवारी त्यांचा घाणा बंद असे, म्हणून हे नाव पडले. तोराने हीच विश्रांती जमिनीलाही दिली आहे. माणसाला सातवा दिवस, जमिनीला सातवे वर्ष. या वर्षाला ‘शेमिटा’ म्हणतात. शब्दाचा अर्थ सोडून देणे. जमिनीचा हा नियम फक्त इस्राएलच्या भूमीला लागू आहे, त्यामुळे कोकणातल्या भातशेतीला तो कधी लागला नाही. पुष्कळ घरांना त्याची ओळख झाली ती इस्राएलला आल्यावर, बाजारात भाजीच्या गाड्यापुढे उभे राहिल्यावर.

नियम वायिक्राच्या २५ व्या अध्यायात आहे. सातव्या वर्षी पेरणी नाही, छाटणी नाही. जे आपोआप उगवेल त्यावर मालकाचा एकट्याचा हक्क नाही. मजूर, परका, गरीब, गुरे, रानातली जनावरे, सगळ्यांनी ते खावे. अशी सात आवर्तने झाली की पन्नासावे वर्ष ‘योवेल’. त्या वर्षी किप्पूरच्या दिवशी, म्हणजे जुन्या मंडळींच्या दारफाळणीच्या सणाला, शोफार फुंकायचा. दास मोकळे व्हायचे आणि विकलेली जमीन मूळ घराण्याकडे परत जायची. म्हणून जमीन विकताना योवेलला किती पिके उरली ते मोजून किंमत ठरे. खरे तर विकली जात ती पिकेच, जमीन नव्हे. बापाच्या अडचणीमुळे नातवंडे कायमची भूमिहीन होऊ नयेत, अशी ही सोय. योवेल पाळणे फार पूर्वीच थांबले. शेमिटा मात्र राहिला.

शेमिटाचा दुसरा भाग पैशाचा आहे आणि खरी अडचण तिथेच झाली. देवारीमच्या १५ व्या अध्यायाप्रमाणे सातव्या वर्षाच्या अखेरीस उसने दिलेले पैसे सोडून द्यायचे. आधीच आपल्या बांधवाकडून व्याज घ्यायला मनाई, म्हणजे देणाऱ्याला फायदा काही नाही, वर मुद्दलही बुडण्याची भीती. तोराने हे ओळखून बजावलेही आहे, की सातवे वर्ष जवळ आले म्हणून गरिबापुढे हात आखडू नये. पण माणसे हात आखडू लागली. ज्या नियमाने गरिबाचे ओझे उतरायचे, त्याच नियमामुळे त्याला कोणी दारात उभे करीना.

इसवी सनाच्या आरंभाच्या सुमारास होऊन गेलेल्या हिल्लेल यांनी यावर ‘प्रोझबुल’ हा लेख काढला. धनको आपली येणी बेथ दिनच्या, म्हणजे न्यायमंडळाच्या, स्वाधीन करी. शेमिटा व्यक्तीचे येणे बुडवतो, न्यायमंडळाकडे सोपवलेले नाही. मग पैसे बुडत नसत आणि कर्ज मिळणेही बंद होत नसे. काम साधे, पण वाद मोठा. बाबिलोनचे विद्वान शेमुएल यांना ही न्यायाधीशांची अरेरावी वाटली. हाती असते तर आपण ती रद्द केली असती, असे ते म्हणाल्याची नोंद तल्मूदमध्ये आहे. त्यांचा राग समजण्यासारखा आहे, पण रिकाम्या हाताने परत जाणाऱ्या माणसाकडे हिल्लेल यांनी आधी पाहिले. ही अडचण कागदावरची नव्हती. मृत समुद्राजवळच्या वादी मुरब्बाअतच्या गुहेत नीरो बादशहाच्या दुसऱ्या वर्षाचा एक कर्जरोखा सापडला आहे. शेमिटाचे वर्ष असले तरी पैसे फेडीन, असे ऋणकोने त्यात लिहून दिले आहे.

अठराशे वर्षांनी तोच पेच जमिनीच्या बाबतीत आला. १८८८-८९ चे शेमिटा वर्ष आले तेव्हा नव्या वसाहतींची शेती नुकती कुठे रुजत होती. वर्षभर नांगर थांबला तर वसाहतीच उठतील, अशी भीती होती. काही रब्बींनी त्या वर्षापुरती जमीन बिगर-यहुदी माणसाला रीतसर विकून शेती चालू ठेवण्याची परवानगी दिली. तिला ‘हेतेर मेखिरा’ म्हणतात. यरुशलेमच्या कित्येक रब्बींनी तिला कडक विरोध केला. पुढे १९०९-१० च्या शेमिटाला याफोचे रब्बी अव्राहाम यित्झाक कूक यांनी ही सवलत उचलून धरली, पण तात्पुरती गरज म्हणूनच.

आज बाजारात हे सारे मतभेद शेजारी शेजारी मांडलेले दिसतात. एका दुकानात हेतेर मेखिराची भाजी, दुसऱ्यात परदेशातून आणलेली. कुठे ‘ओत्झार बेथ दिन’ची फळे असतात. तिथे शेतकरी न्यायमंडळाच्या वतीने काम करतो आणि गिऱ्हाईक फळाची नव्हे, तोडणी-वाहतुकीची किंमत देते. अशा फळांत सातव्या वर्षाचे पावित्र्य मानतात. म्हणून संत्र्याची साल कचऱ्याच्या डब्यात न टाकता वेगळ्या पिशवीत ठेवतात आणि खराब झाल्यावरच फेकतात. आजी ती पिशवी स्वयंपाकघरात का टांगते, हे नातवंडांना सहसा तेव्हाच कळते.

मागचे शेमिटा वर्ष ५७८२, म्हणजे २०२१-२२, होते. पुढचे ५७८९. ते सप्टेंबर २०२८ मध्ये नव्याच्या सणाला सुरू होईल. ज्यांनी कोणाला उसने पैसे दिले आहेत आणि ते बुडू नयेत असे ज्यांना वाटते, त्यांना ते वर्ष संपण्यापूर्वी प्रोझबुलवर सही करावी लागेल.