कॅमेऱ्याने वेचलेला सरवा

फ्रान्समध्ये काढणी झाली की बटाट्यांची प्रतवारी होते. फार मोठे, कापले गेलेले, वेडेवाकडे बटाटे बाजारात चालत नाहीत; ते टनावारी शेतातच ओतून देतात. अशाच एका ढिगात चित्रपट दिग्दर्शिका अन्येस वार्दा यांना बदामाच्या आकाराचा बटाटा सापडला. एका हातात छोटा डिजिटल कॅमेरा, दुसऱ्या हाताने बटाटे वेचून पिशवीत टाकणं चाललेलं, आणि ही सगळी कसरत पडद्यावर दिसते.

‘ले ग्लानर ए ला ग्लानूझ’ हा त्यांचा २००० सालचा माहितीपट. विषय सरवा, म्हणजे काढणीनंतर शेतात उरलेलं, वेचणाऱ्यांचा. मिले या चित्रकाराने १८५७ मध्ये रंगवलेल्या, वाकून कणसं वेचणाऱ्या तिघी बायकांपासून तो निघतो आणि आजच्या माणसांपर्यंत येतो : बाजार उठल्यावर उरलेली भाजी खाणारे, कचऱ्यातून अन्न काढणारे, टाकाऊ वस्तूंतून कलाकृती करणारे. एक वकील तर काळा झगा घालून चक्क शेतात उभा राहतो आणि सरव्याचा कायदा समजावून सांगतो.

आरास शहराच्या संग्रहालयात ज्यूल ब्रतों यांचं खांद्यावर गव्हाची पेंढी घेतलेल्या बाईचं चित्र आहे. वार्दा त्या चित्राशेजारी तशीच पेंढी घेऊन उभ्या राहतात. मग पेंढी टाकतात आणि कॅमेरा उचलतात. आपणही इथे वेचायलाच आलो आहोत, हे त्या असं कृतीतून सांगतात.

एरवी माहितीपटात दिग्दर्शक कॅमेऱ्यामागे दडतो आणि प्रेक्षकाला वाटतं, समोर दिसतं ते आपोआप घडतंय. वार्दा हा पडदा बाजूला करतात. सत्तरी ओलांडलेल्या या बाई एका हाताने दुसऱ्या हाताचं चित्रण करतात : सुरकुत्या, वयाचे डाग, अगदी जवळून. हमरस्त्यावरचे ट्रक बोटांच्या गोलात पकडायचा खेळ खेळतात. एकदा कॅमेरा बंद करायचा राहून गेला आणि लोंबकळणारं लेन्सचं झाकण चित्रित होत राहिलं. ते फुटेज त्यांनी फेकलं नाही; जॅझ संगीतावर त्या झाकणाला नाचवलं. टाकून दिलेल्या गोष्टींवरच्या चित्रपटात हे अगदी चपखल बसतं.

सगळ्यांना हे पटलं नाही. बाजारातल्या उरल्यासुरल्यावर जगणारा आणि संध्याकाळी स्थलांतरितांना फुकट फ्रेंच शिकवणारा एक माणूस या माहितीपटात आहे. २००२ मध्ये वार्दा कॅमेरा घेऊन त्याला पुन्हा भेटल्या. चित्रपट चांगला आहे, पण तुमचं स्वतःबद्दलचं त्यात नको होतं, असं त्याने तोंडावर सांगितलं. वार्दांनी त्याचं हे बोलणं कापलं नाही. त्याचा आक्षेप मला मान्य नाही. इतरांच्या गरिबीवर कॅमेरा रोखणाऱ्या व्यक्तीने स्वतःचा थकलेला हातही दाखवावा, यात मला आत्मप्रौढीपेक्षा प्रामाणिकपणाच जास्त दिसतो. आणि तो माणूस हे इतक्या मोकळेपणाने बोलू शकला, कारण वार्दा त्याच्यासमोर लपून बसल्या नव्हत्या.