नवजाताची रक्तशर्करा
नाळ कापताच मातेकडून अखंड येणारा साखरेचा पुरवठा एकाएकी बंद पडतो, आणि यकृतातील संचय कामी येईपर्यंत, पहिल्या एक-दोन तासांत, अर्भकाची रक्तशर्करा स्वभावतःच उतरते. परंतु अपुऱ्या दिवसांच्या बाळाजवळ हा संचयच तुटपुंजा असतो, आणि मधुमेही मातेच्या गुटगुटीत बाळात इन्सुलिनचा अतिरेक असतो, हे आप्तांच्या ध्यानी सहसा येत नाही. अशा बाळांची शर्करा फार उतरली की हातपाय थरथरतात, अंग सैल पडते, बाळ दूध ओढीत नाही. कधी लक्षणे नसतातही, म्हणून अशा बाळाच्या टाचेतील थेंबभर रक्त तपासणे अगत्याचे. प्रमाण १०० मिलिलिटरमागे साधारणतः ४५ मिलिग्रॅमखाली गेल्यास डॉक्टर गालाच्या आत ग्लुकोजचे जेल चोळतात, वा शिरेवाटे डेक्स्ट्रोज देतात. मध मात्र कदापि चाटवू नये. पहिल्या तासातच बाळास अंगावर पाजावे.