घरात नट निघाला तर?

भात खळ्यावरून घरात आले, वाल पेरून झाले, की आपल्या पाली-सुधागडच्या गावांत जरा उसंत मिळते. पुढे माघात बल्लाळेश्वराचा उत्सव, मग गावोगावच्या जत्रा, आणि जत्रा म्हटली की नाटकाच्या तालमी. अशा दिवसांत एखाद्या संध्याकाळी सर्वांनी एकत्र बसून ‘धूमधडाका’ हा जुना चित्रपट जरूर पाहावा. शेतीखात्याचा माणूस सिनेमाची शिफारस करतो म्हणून हसू नका. विषय आपल्या घरचाच आहे.

हा चित्रपट १९८५ सालचा. ‘छोटा जवान’मधला बालनट महेश कोठारे मोठा झाला आणि त्याने प्रथमच दिग्दर्शन केले ते याचे. कथा तशी उसनी. १९६४ साली ती तमिळमध्ये आली, १९६६ साली हिंदीत ‘प्यार किये जा’ म्हणून. मराठी निर्मात्याच्या हाती त्या काळी भांडवल तुटपुंजेच असे. मग भिस्त कोणावर? नटांवर.

धनाजीराव वाकडे हे पैशाला जपणारे गृहस्थ. ते काम शरद तळवलकरांचे. त्यांच्या मुलीवर महेशचे प्रेम. श्रीमंत सासरा राजी व्हावा म्हणून अशोक सराफ महेशचा लक्षाधीश बाप बनून येतो आणि पुढचा गोंधळ सुरू होतो. दुसरीकडे वाकड्यांच्याच घरातल्या लक्ष्याला, म्हणजे लक्ष्मीकांत बेर्डेला, सिनेमा काढायचे वेड. खिशात दमडी नाही, पण नायिका ठरलेली: अंबाक्का. प्रेमा किरण यांनी ती अशी ठसक्यात उभी केली आहे की तिच्यापुढे लक्ष्याही कधी कधी फिका वाटतो. (याच चित्रपटातील अशोक सराफ आणि निवेदिता जोशी पुढे खरोखरीच पतिपत्नी झाले, हे आपल्या घरातील माहेरवाशिणींना सांगायला नकोच!)

आपण हसतो ते लक्ष्याला. पण बंधूंनो, तसा लक्ष्या आपल्याच ओटीवर बसलेला असला तर?

गेल्या हंगामात एक शेतकरी मला विचारू लागले, “साहेब, दोन गुंठे काढले तर चालेल का?” मुलगा जत्रेच्या नाटकात चांगले काम करतो. मुंबईतल्या कोणी त्याला मालिकेत भूमिका देतो म्हणून सांगितले; मात्र आधी फोटोंचे आणि नोंदणीचे पैसे भरायचे. घरात चार दिवस अबोला. आई मुलाच्या बाजूने, बाप जमिनीच्या.

मी त्यांना एवढेच म्हणालो, “दादा, बियाणे न दाखवता पैसे मागणाऱ्याकडून तुम्ही कधी भात घेतले आहे का?” काम देणारा नटाला पैसे देतो, नटाकडून घेत नाही. शिकायचेच असेल तर पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट आहे, पुणे विद्यापीठाचे ललित कला केंद्र आहे, दिल्लीची राष्ट्रीय नाट्य विद्यालय ही संस्था १९५९ पासून आहे. तेथे निवड चाचणी आणि मुलाखत घेऊन होते. मुलगा हौशी असेल तर सरकारची हौशी नाट्यस्पर्धा आहे. जवळच्या मंडळाबरोबर तिला उतरावे.

आणि दुसरेही सांगितले. ज्या अशोक सराफांना २०२५ साली पद्मश्री मिळाली, ते कित्येक वर्षे स्टेट बँकेत नोकरी करून नाटके करीत होते. लक्ष्मीकांत बेर्डे मुंबई मराठी साहित्य संघात नोकरीला होते. मिळेल ती छोटी भूमिका करीत करीत ‘टुरटूर’ नाटकापर्यंत आले आणि मग ‘धूमधडाका’ने घराघरांत पोहोचले. राब भाजल्याशिवाय रोप नाही, रोपाशिवाय लावणी नाही, हे आपल्याला कोणी शिकवायला नको. नटाचेही तसेच दिसते. मात्र मुलाला “नाटकं पुरे झाली” म्हणून गप्प बसवणेही मला पटत नाही. घरात ज्याला बोलू दिले नाही, तो रात्री गाडी पकडून निघून जातो. मग तो कोणाच्या हाती सापडेल ते आपल्याला कळतही नाही.

त्या घरी मी नंतर गेलो तेव्हा बाप वालाच्या शेंगा तोडत होता. मुलगा बांधावर वही घेऊन संवाद पाठ करीत होता. यंदाच्या नाटकात त्याला खलनायकाचे काम आहे. जमिनीचा सौदा तूर्त राहिला आहे. आणि मुलाने पालीतल्याच एका दुकानात हिशेबाचे काम धरले आहे. तालमीच्या वेळेला मालक सोडतो, असे त्याची आई सांगत होती.