मेळघाटातली वाट : जवळ दिसणारी गावे दूर का असतात



आपल्या पत्रांतून दोन प्रश्न वारंवार येतात. पहिला असा, की नकाशावर परतवाड्याला अगदी लागून दिसणाऱ्या गावी पोहोचायला कार्यकर्त्यांना आख्खा दिवस का लागतो? दुसरा, की पावसाळ्यासाठीची मदत आम्ही भर उन्हाळ्यातच का मागतो? दोन्ही प्रश्नांचे उत्तर मेळघाटाच्या जमिनीत आणि तिथल्या रस्त्यांत आहे. ज्या भागासाठी आपण प्रार्थना करता आणि देणगी पाठवता, तो भाग आपल्या डोळ्यांसमोर उभा राहावा म्हणून हा लेख.

डोंगर आणि पाणी

अकोल्याहून अकोटकडे किंवा अमरावतीहून परतवाड्याकडे निघाले, की उत्तरेला निळसर डोंगरांची एक लांब भिंत दिसू लागते. ही सातपुड्याची गाविलगड रांग. तिच्या दक्षिणेला पूर्णेच्या खोऱ्यातली वऱ्हाडची काळी, सपाट, कापसाची जमीन आहे. उत्तरेला तापीचे खोरे आणि पलीकडे मध्य प्रदेश. या दोन खोऱ्यांच्या मधला डोंगराळ मुलूख म्हणजे मेळघाट. घाटांचा जिथे मेळ होतो तो मेळघाट, असा नावाचा अर्थ सांगतात. अमरावती जिल्ह्याचे धारणी आणि चिखलदरा हे दोन तालुके मिळून तो होतो. नरनाळा किल्ल्याच्या बाजूने त्याचा पायथा अकोला जिल्ह्यातल्या अकोट आणि तेल्हारा तालुक्यांना टेकतो.

सर्वात उंच ठिकाण वैराट, 1178 मीटर. चिखलदरा त्याहून थोडेसे खाली. खालच्या मैदानात जेवढा पाऊस पडतो, त्याच्या जवळजवळ दुप्पट वर पडतो. हे पाणी दोन दिशांना धावते. सिपना, गडगा, खंडू, खापरा या नद्या तापीकडे जातात. सापन, चंद्रभागा, शहानूर या दक्षिणेला पूर्णेच्या खोऱ्यात उतरतात. पुढे जळगाव जिल्ह्यात चांगदेवला पूर्णाही तापीला मिळते, म्हणजे शेवटी सगळे पाणी एकच होते.

अकोला आणि दर्यापूरकडच्या आपल्या मंडळ्यांनी यातली एक गोष्ट विशेष लक्षात ठेवावी. पूर्णेकाठच्या खारपाणपट्ट्यात विहिरीचे पाणी खारट लागते. तिथल्या गावांना नळाने येणारे गोडे पाणी वाण आणि शहानूर धरणांतून येते, आणि ही धरणे भरतात ती मेळघाटच्या डोंगरांवरून उतरणाऱ्या पाण्याने. ज्या पाण्यामुळे कोरकू माणसाची वाट चार महिने अडते, तेच पुढे आपल्या माठात येते.

तोफांची वाट, लाकडाची वाट

या डोंगरात रस्ता करणे किती अवघड, हे इतिहासात एकदा चांगलेच दिसले. चिखलदऱ्याजवळचा गाविलगड किल्ला 15व्या शतकात बहामनी सुलतान अहमदशहा वलीने बांधला. 1803 साली तो नागपूरकर भोसल्यांकडे होता. त्या वर्षी 29 नोव्हेंबरला आज अकोला जिल्ह्यात असलेल्या अडगावला लढाई झाली, आणि मग इंग्रज फौज गाविलगडाकडे वळली. किल्ल्यावर मारा करायचा तर उत्तरेची बाजू सोयीची होती. पण तिथे तोफा न्यायला वाटच नव्हती. कर्नल स्टीव्हन्सनच्या सैन्याने डोंगरांना वळसा घालून सुमारे 30 मैल वाट स्वतः तयार केली आणि जड तोफा हातांनी ओढत नेल्या. 7 डिसेंबरला निघालेली ती फौज 12 डिसेंबरला पोहोचली, आणि 15 डिसेंबरला किल्ला पडला. दोनच दिवसांनी देवगावचा तह झाला. हे सगळे डिसेंबरमध्ये, कोरड्या दिवसांत घडले. जुलै महिना असता तर त्या तोफा पहिल्याच नाल्यात रुतल्या असत्या.

1853 मध्ये निजामाकडून वऱ्हाडचा कारभार इंग्रजांकडे आला. मेळघाटचे सागवान राखीव झाले आणि जंगल खात्याने रस्ते काढायला सुरुवात केली. ते रस्ते लाकूड बाहेर नेण्यासाठी आणि साहेबाला एका बंगल्यावरून दुसऱ्या बंगल्यावर जाण्यासाठी होते. एका गावातून दुसऱ्या गावात किंवा गावातून दवाखान्यात जायला वाट हवी, हा विचार त्या आखणीत नव्हता. आजही नकाशा पाहिला तर जुन्या वाटा जंगलाच्या सोयीने गेलेल्या दिसतात. वस्त्या मात्र त्यांच्या कडेने विखुरलेल्या, आत आत दडलेल्या.

इथली माणसे, इथली भाषा

मेळघाटात बहुसंख्य लोक कोरकू आहेत. त्यांच्यासोबत गोंड, निहाल, गवळी, गवलान, बलाई असे समाज राहतात. कोरकू भाषा मराठी किंवा हिंदीच्या कुळातली नाही. ती मुंडा कुळातली आहे. तिच्या नात्यातल्या संथाली, मुंडारी या भाषा पार झारखंड-ओडिशाकडे बोलल्या जातात. आपल्या बहिणींपासून इतक्या दूर पश्चिमेला ही भाषा टिकली, यात या डोंगरांच्या आडवाटांचाही हात असावा.

1890च्या सुमारास कुर्कू अँड सेंट्रल इंडियन हिल मिशन या नावाने इथे सुवार्ताकार्य सुरू झाले. एलिचपूर, म्हणजे आजचे अचलपूर, हे त्याचे महत्त्वाचे ठाणे होते. मिशनरी जॉन ड्रेक यांनी लिहिलेले कोरकू भाषेचे व्याकरण 1903 साली कलकत्त्यात छापले गेले. त्या पिढीने बैलगाडीने आणि पायी प्रवास करून ही भाषा शिकून घेतली. आजच्या कार्यकर्त्याजवळ मोटारसायकल आहे. पण कोरकू येत नसेल तर दार उघडते, मन उघडत नाही.

रेल्वे आली, आणि गेली

मैदानातून दोन रुळ डोंगराकडे आले. मुर्तिजापूर ते अचलपूर ही छोटी गाडी, जिला सगळे वऱ्हाड शकुंतला म्हणून ओळखते, पायथ्याशी येऊन थांबली. दुसरी मीटरगेज अकोल्याहून अकोट, वाण रोड, धुळघाटमार्गे थेट मेळघाट ओलांडून खंडव्याला जायची. धुळघाटजवळ चढ इतका, की रूळ गोल वळसा घेऊन स्वतःच्याच वर येतो. डोंगरातल्या माणसाला अकोल्याच्या बाजाराला, दवाखान्याला जायला ही गाडी स्वस्त पडायची.

2017च्या सुरुवातीला मीटरगेज बंद झाली. अकोट-अकोला मार्ग ब्रॉडगेज होऊन पुढे सुरू झाला. अकोटच्या पलीकडे मात्र रूळ व्याघ्रप्रकल्पातून जात होता, म्हणून नवा मार्ग जंगलाबाहेरून वळवण्याचे ठरले. वाघांसाठी हे योग्यच म्हणावे लागेल. पण धुळघाटच्या बाजूच्या गावांची गाडी गेली, हेही तितकेच खरे. तिच्या जागी त्यांना काय मिळाले, हा प्रश्न फारसा कोणी विचारला नाही.

आजचे रस्ते

आज मेळघाटाचा कणा म्हणजे परतवाडा-घटांग-सेमाडोह-हरिसाल-धारणी हा रस्ता. घटांगहून एक फाटा चिखलदऱ्याला जातो. सेमाडोहनंतर बराच वेळ सिपना नदी सोबत करते. धारणीहून पुढे बुऱ्हाणपूर आणि खंडवा. धारणी हे अमरावतीपासून दीडशे किलोमीटरच्या आसपास आहे. बुऱ्हाणपूर त्याहून बरेच जवळ. त्यामुळे तिथल्या माणसाचा बाजारही तिकडे, आणि तोंडात मराठीपेक्षा हिंदी जास्त.

या कण्यावर एस.टी. चालते, काळीपिवळी चालते. खरी अडचण कणा सोडल्यावर सुरू होते. मी रस्त्याचे तीन भाग करून सांगतो. पहिला डांबरी भाग, तिथे गाडी जाते. दुसरा खडीचा किंवा मातीचा भाग, तिथे उन्हाळ्यात गाडी आणि पावसाळ्यात फक्त पाय. तिसरा म्हणजे रपटा. नाल्यावर उंच पूल न बांधता सिमेंटचा बुटका पट्टा टाकतात, त्याला आपल्याकडे रपटा म्हणतात. वर डोंगरात एक तास जोराचा पाऊस झाला की रपट्यावरून पाणी जाते. मग दोन्हीकडची माणसे पाणी ओसरण्याची वाट पाहत बसतात. कधी दोन तास, कधी रात्रभर.

एका गावाच्या वाटेवर असे चार रपटे असतील, तर ते गाव किती किलोमीटरवर आहे याला अर्थ उरत नाही. सर्वात बुटका रपटा ज्या दिवशी बुडाला, त्या दिवशी ते गाव बेट झाले. हतरू, रंगुबेली अशा दूरच्या भागांची नावे आपण बातम्यांत वाचता, त्यामागचे कारण हेच.

रस्ता का होत नाही?

सरकारला काळजी नाही, असे एका वाक्यात म्हणून टाकणे सोपे आहे. पण गुंता मोठा आहे.

2000 साली पंतप्रधान ग्रामसडक योजना आली. मैदानात 500 लोकवस्तीची आणि डोंगरी-आदिवासी भागात 250ची अट ठेवली गेली. मेळघाटातले कित्येक ढाणे त्याहूनही लहान आहेत. दुसरी गोष्ट जंगलाची. 1973 मध्ये व्याघ्रप्रकल्प सुरू झाला तेव्हा देशातल्या पहिल्या 9 प्रकल्पांत मेळघाट होता. 1980च्या वनसंवर्धन कायद्याने जंगलाची जमीन दुसऱ्या कामाला वापरायची तर केंद्राची परवानगी लागते. शिवाय अभयारण्यात वन्यजीवांसाठीच्या परवानग्या वेगळ्या. डांबर टाकायला ठेकेदार तयार असतो, पण कागद फिरत राहतो.

एक वाट मात्र कायद्यातच आहे. 2006च्या वनहक्क कायद्यातले कलम 3(2) सांगते, की शाळा, दवाखाना, अंगणवाडी, पाण्याची टाकी, रस्ता अशा गावाच्या सोयींसाठी प्रत्येक कामाला 1 हेक्टरपर्यंत वनजमीन देता येते. हेक्टरी 75 पेक्षा जास्त झाडे तोडता येत नाहीत, आणि ग्रामसभेची शिफारस लागते. म्हणून ग्रामसभेचा ठराव नीट लिहिला जाणे आणि त्याचा पाठपुरावा होणे फार महत्त्वाचे असते. त्यासाठी गावात लिहिता-वाचता येणारी मुले-मुली हवीत. वसतिगृहातल्या शिक्षणाला दिलेली आपली देणगी अशी रस्त्यापर्यंत पोहोचते.

काही गावांनी दुसरा मार्ग घेतला. बोरी, कोहा, कुंड अशी गावे जंगलातून उठून अकोटकडच्या मैदानात वसली. रस्ता, वीज, शाळा जवळ आली. मोह, तेंदूपत्ता, जंगलातले कंदमूळ मागे राहिले. ही देवाणघेवाण सोपी नसते. ती कोणी करावी हे बाहेरच्याने ठरवू नये.

माझे स्वतःचे मत विचाराल, तर मेळघाटला रुंद महामार्ग नकोत. त्याने वाघही मरतील आणि ढाण्यातल्या माणसाला उपयोगही होणार नाही. रपट्याच्या जागी थोडा उंच पूल, खचणाऱ्या वळणावर मोरी, आणि दरवर्षी पावसाआधी डागडुजी, एवढे झाले तरी कितीतरी गावांचे पावसाळ्यातले बेट होणे थांबेल.

ज्याच्यासाठी हे सगळे

1993 साली मेळघाटातले बालमृत्यू देशभर चर्चेत आले. त्यानंतर नवसंजीवनी योजना आली, पावसाळ्याआधीच धान्य गावात पोहोचवण्याची पद्धत आली, फिरती आरोग्य पथके आली. बैरागडला डॉ. रवींद्र आणि डॉ. स्मिता कोल्हे यांनी, धारणीजवळ उतावलीला डॉ. आशिष सातव यांनी आपले आयुष्य या कामी लावले. परिस्थिती सुधारली आहे, पण वाट अजून पूर्ण झालेली नाही.

कारण बाळंतपण रपट्याचे पाणी ओसरेपर्यंत थांबत नाही. तापाने फणफणलेले मूल आई प्रथम भुमकाकडे नेते. तिला नावे ठेवण्याआधी एवढे पाहावे, की भुमका चार घरे सोडून राहतो आणि डॉक्टर नाल्याच्या पलीकडे. याच अडचणीवर सरकारने प्राथमिक आरोग्य केंद्रांत माहेरघराची सोय केली आहे. दिवस भरत आले की गरोदर बाई आधीच तिथे येऊन राहते, सोबत लहान मूल आणि घरचे एक माणूस. पाऊस लागण्यापूर्वी तिला तिथपर्यंत जायला तयार करणे, हे आमच्या भगिनींचे मे-जूनमधले मुख्य काम. घरची म्हातारी सासू, राखायची बकरी, पेरणीची वेळ, या सगळ्यांतून मार्ग काढूनच ती घर सोडते. आग्रह करून चालत नाही, बसून बोलावे लागते, आणि तेही तिच्याच भाषेत.

आता आपल्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर स्पष्ट झाले असेल. आम्ही एप्रिलमध्ये मागतो, कारण औषधे, धान्य, ताडपत्री आणि घोंगड्या जूनच्या पहिल्या पावसाआधी शेवटच्या रपट्याच्या पलीकडे गेल्या पाहिजेत. ऑगस्टमध्ये मिळालेली तीच देणगी परतवाड्याच्या खोलीत पडून राहते.

प्रार्थनेचे विषय

या पावसाळ्यात ज्या मातांचे दिवस भरतील, त्या वेळेवर माहेरघरी पोहोचाव्यात म्हणून प्रार्थना करा. पाण्यातून वाट काढणाऱ्या आशाताई, एस.टी.चे चालक आणि रुग्णवाहिकेवरचे कर्मचारी यांना प्रभूने सांभाळावे. ग्रामसभांना योग्य ठराव करण्याची बुद्धी आणि अधिकाऱ्यांना ते ऐकण्याचे मन मिळावे. प्रभूसाठी मार्ग सरळ करण्याविषयी संदेष्टा यशया बोलतो, ते आपण आगमनकाळात दरवर्षी ऐकतो. मेळघाटात ते वचन वाचताना मला दर वेळी नाल्यावरचा एखादा रपटा आठवतो.