थांबलेलं चित्र

टीव्हीवरच्या जुन्या कार्टूनमध्ये पात्र बोलतं तेव्हा नुसते ओठ हलतात आणि बाकीचं अंग पुतळ्यासारखं राहतं. याला आपण स्वस्तातलं काम म्हणतो. पण या शैलीचे सुरुवातीचे प्रयोग कंजुषीतून आलेले नव्हते.

चित्रांचा हिशेब

सिनेमात सेकंदाला २४ चौकटी. म्हणजे सात मिनिटांच्या कार्टूनला १०,०८० चौकटी लागतात. एक चित्र दोन चौकटी चालवलं, तरी एकेका पात्राची पाचेक हजार चित्रं होतात. सुरुवातीला सांगितलेल्या शैलीला मर्यादित ॲनिमेशन म्हणतात. तिच्यात अंगाचं चित्र तेच ठेवून फक्त हात किंवा तोंड वेगळ्या पारदर्शक सेलवर काढतात आणि तेवढंच बदलतात.

डोव्हर बंधू

या शैलीचा एक सुरुवातीचा प्रयोग म्हणजे १९४२ साली वॉर्नर ब्रदर्ससाठी दिग्दर्शक चक जोन्सने केलेलं ‘द डोव्हर बॉइज’ हे कार्टून. त्यातली पात्रं ऐटीत ताठ उभी राहतात आणि पुढच्या क्षणी थेट दुसऱ्या पवित्र्यात दिसतात. मधल्या एक-दोन चौकटींत अख्खा माणूस ओल्या रंगावरून बोट फिरवावं तसा फरफटलेला असतो. डोळ्याला ते कळत नाही, झटका तेवढा जाणवतो. मला तर विनोदापेक्षा हे झटकेच जास्त हसवतात.

यूपीएचा गेराल्ड

डिस्नेच्या स्टुडिओत १९४१ साली संप झाला. तिथून बाहेर पडलेल्या काही चित्रकारांनी पुढे यूपीए हा स्टुडिओ उभारला. खऱ्याखुऱ्या प्राण्यासारखी लवचिक हालचाल हा डिस्नेचा आदर्श. यांना मात्र आधुनिक चित्रकलेतली सपाट रेघ हवी होती, आणि सपाट माणूस गोलाईने हलला तर विचित्रच दिसणार.

१९५० सालचा ‘गेराल्ड मॅकबोइंग-बोइंग’ हा या सपाट शैलीचा उत्तम नमुना. कथा डॉ. स्यूस यांची, दिग्दर्शन बॉब कॅनन यांचं. हेच कॅनन ‘डोव्हर बॉइज’मध्ये ॲनिमेटर होते. गेराल्ड शब्दांऐवजी नुसते आवाज काढतो, म्हणून सगळे त्याला झिडकारतात. घराला नीट भिंती नाहीत, रंगाच्या सपाट पसाऱ्यावर खुर्ची-दार तेवढं रेखलेलं. तो घर सोडून निघतो तेव्हा पडदाच काळवंडतो. त्याच्या चेहऱ्यावर फारसं काही हलत नाही. दुःख रंग सांगतो. या कार्टूनला ऑस्कर मिळालं.

मग टीव्ही आला

पुढे हॅना-बार्बेरा या स्टुडिओने १९५७ पासून कमी हालचालीची हीच युक्ती टीव्हीच्या तुटपुंज्या बजेटसाठी वापरली. बदनामी झाली ती तेव्हापासून.

‘डोव्हर बॉइज’ आता कॉपीराइटमुक्त आहे. बघाल तेव्हा एखाद्या झेपेवर थांबा आणि एकेक चौकट पुढे सरकवा.