जन्मास न आलेला संगीतकार

संगीतकाराचे चरित्र लिहावयाचे म्हणजे त्याचा जन्म, रचना आणि मृत्यू ह्या तीन गोष्टी तरी निश्चित हाती असाव्या लागतात. योहानेस क्राइस्लर ह्या जर्मन संगीतकाराच्या बाबतीत तशी सोय नाही. त्याची एकही रचना कोणी ऐकलेली नाही, त्याच्या मृत्यूची नोंद नाही. कारण तो कधी जन्मासच आला नाही. तथापि युरोपच्या संगीतात त्याला वारस लाभले, आणि तेही असे की ज्यांची नावे आज सर्वत्र आदराने घेतली जातात. कल्पित पुरुषास खरे वारस कसे मिळाले, ही हकीकत मोठी उद्बोधक आहे.

क्राइस्लरचा जनक एर्न्स्ट थिओडोर आमाडेउस हॉफमन हा होय. १७७६ साली क्योनिग्सबर्ग येथे जन्मलेला हा गृहस्थ व्यवसायाने कायदेपंडित, पण मनाने संगीतकार. मोझार्टवरील भक्तीस्तव त्याने आपल्या नावातील 'विल्हेल्म' हे पद गाळून त्या जागी 'आमाडेउस' घातले होते. १८०६ साली नेपोलियनच्या सैन्याने वॉर्सा घेतले आणि तेथील त्याची सरकारी नोकरी गेली. पुढे बांबेर्गच्या नाट्यगृहात तो संगीतचालक झाला. तेही पद टिकले नाही. मग पोटासाठी सुखवस्तू घरांतील मुलींना गाणे शिकविणे ओघाने आलेच. त्यांपैकी यूलिया मार्क हिच्यावर त्याचे मन जडले. तो विवाहित, ती कोवळ्या वयाची. १८१२ साली तिच्या घरच्यांनी एका व्यापाऱ्याशी तिचे लग्न लावून दिले.

ह्याच हालअपेष्टांच्या काळात, १८१० साली, लाइप्झिगच्या एका संगीतविषयक पत्रात क्राइस्लर प्रथम प्रकट झाला. एका प्रतिष्ठित घरी मेजवानी आहे. चहा, पत्ते आणि मुलींचे बेसूर गाणे ह्यांच्या जोडीला क्राइस्लरचे पिआनोवादनही आहे. बाखची तीस रूपांतरे तो वाजवू लागतो. कानाला गोड असे काही ऐकावयास मिळेल ह्या आशेने जमलेले पाहुणे एकामागून एक काढता पाय घेतात. ह्या यातनांची कैफियत क्राइस्लर त्याच स्वरलिपीच्या कोऱ्या पानांवर लिहून काढतो. वाचताना हसू येते खरे. पण संगीत हे पानसुपारीप्रमाणे सत्काराचे एक साधन आहे, अशी ज्या समाजाची समजूत आहे, त्याच्यावर हा मोठाच प्रहार होता.

त्याच वर्षी त्याच पत्रात हॉफमनने बीथोव्हनच्या पाचव्या सिंफनीचे सविस्तर परीक्षण लिहिले आणि शब्दांवाचून बोलणारे वाद्यसंगीत हेच संगीताचे शुद्ध स्वरूप होय, असे प्रतिपादन केले. पुढे हाच विचार त्याने क्राइस्लरच्या लेखसंग्रहात गोवला. १८२० साली खुद्द बीथोव्हनने हॉफमनला पत्र लिहून आभार मानले.

क्राइस्लरचे चरित्र म्हणून जे काही आहे, ते 'बोका मुर' ह्या कादंबरीत सापडते. तिची रचना विलक्षण आहे. मुर नावाचा एक विद्वान बोका आपले आत्मचरित्र लिहितो, आणि टिपकागद म्हणून धन्याच्या ग्रंथातील पाने फाडून घेतो. तो ग्रंथ म्हणजे क्राइस्लरचे चरित्र. मुद्रक ती पानेही छापून टाकतो! त्यामुळे बोक्याची आत्मस्तुती अखंड राहते आणि कलावंताचे आयुष्य मात्र चिंध्यांनी हाती येते. वाद्ये घडविणारा गुरू अब्राहम, राज्य गमावूनही दरबार मिरविणारा राजा, यूलिया नावाचीच एक गायिका, आणि शेवटी मठात आश्रय घेऊन धार्मिक संगीत रचणारा क्राइस्लर, एवढे तुकडे आपणांस दिसतात. तिसरा भाग निघावयाचा होता. पण २५ जून १८२२ रोजी हॉफमन वारला, आणि क्राइस्लरचे पुढे काय झाले ते कोणासही कळले नाही.

परंतु वारसा येथूनच सुरू झाला. १८३८ साली रोबर्ट शूमानने 'क्राइस्लेरिआना' ह्या नावाने पिआनोसाठी आठ रचना केल्या. त्या वेळी क्लाराशी त्याच्या विवाहास तिच्या पित्याचा कडवा विरोध होता. क्राइस्लरचे एका क्षणी उसळणे आणि दुसऱ्या क्षणी आत वळणे त्याला आपलेच वाटले असल्यास नवल नाही. त्यानंतर ब्राह्म्स आला. तरुणपणी तो आपल्या हस्तलिखितांवर 'धाकटा क्राइस्लर' अशी सही करीत असे, आणि आवडत्या वचनांच्या वहीलाही त्याने तेच नाव दिले होते.

ह्याचे मर्म काय असावे? क्राइस्लरचे संगीत लिहिलेच गेले नव्हते, म्हणून ज्याच्या त्याच्या मनाला ते आपल्या परीने ऐकू येऊ शकले. लिहिलेल्या स्वरांना मर्यादा असते. वर्णिलेल्या तळमळीला ती नसते. हॉफमनने स्वतः खरे संगीतही पुष्कळ रचले. त्याच्या 'उंडीन' ह्या संगीतिकेचा प्रयोग १८१६ साली बर्लिनमध्ये झाला व लोकांस आवडला; पण पुढच्याच वर्षी ते नाट्यगृह नेपथ्यासह जळून गेले. आज त्याच्या रचना क्वचितच कानी पडतात. उलट शूमानची ती आठ प्रकरणे जेथे जेथे वाजतात, तेथे तेथे कार्यक्रमपत्रिकेवर क्राइस्लरचे नाव छापलेले असते. निर्मात्याला जे साधले नाही ते त्याच्या मानसपुत्राला साधले.

बर्लिनमध्ये हॉफमनची समाधी आहे. न्यायाधिकारी, कवी, संगीतकार व चित्रकार ह्या चारही नात्यांनी त्याचा गौरव तेथील शिळेवर कोरला आहे. आणि त्यात न्यायाधिकाऱ्याचा मान पहिला आहे. नावाची आद्याक्षरे मात्र जन्मनावाप्रमाणे आहेत. मोझार्टचे म्हणून त्याने आयुष्यभर जपलेले अक्षर दगडावर उतरले नाही. ते क्राइस्लरपाशीच राहिले, असे म्हणावे.